अंगाऱ्याची पुडी

टॉवेलच्या कारखान्यात मी निर्यातीची कागदपत्रं बघायचो. कंटेनर भरायला लागला, की पॅकिंगची मावशी पहिल्या खोक्यात अक्कलकोटहून आणलेल्या अंगाऱ्याची पुडी ठेवायची. माल सुखरूप पोचावा म्हणून. मी शेजारीच उभा असायचो, हातही जोडायचो. इतक्या वर्षांत कुणाला त्यात काही वावगं वाटलं नव्हतं.

दोन वर्षांपूर्वी युरोपातल्या एका बंदरावर आमचा कंटेनर उघडला आणि पुडी सापडली. पांढरट पूड! कोकेनच्या संशयावरून सगळा माल अडकला. माझं डोकं फिरलं. साधी राख ओळखता येत नाही यांना? तणतणतच मी कोकेनबद्दल वाचायला बसलो आणि वाचता वाचता माझा राग ओसरला.

दक्षिण अमेरिकेच्या डोंगरातली माणसं पूर्वापार कोकाची पानं चघळत ओझी वाहायची. भूक मरायची, शीण कळायचा नाही. युरोपातल्या रसायनशास्त्रज्ञांनी त्या पानांतून पूड काढली. डॉक्टरांनी ती डोळ्यांच्या शस्त्रक्रियेत वापरली, औषधांच्या दुकानांत ती राजरोस विकली गेली. व्यसनानं घरं बसायला लागली तेव्हा बंदी आली, आणि बंदीवर टोळ्या गब्बर झाल्या. आता ती केळ्यांच्या खोक्यांत दडून समुद्र ओलांडते. तिच्यापायी गावंच्या गावं मुडदे उचलतात. पान पिकवणारा मात्र होता तिथंच आहे.

तपासणीत राखच निघाली. पण पुडी कुणी ठेवली, याचा लेखी खुलासा मालकांनी माझ्याकडं मागितला. मी मावशीचं नाव लिहिलं. मलाही ठाऊक होतं, हे लिहायच्या वेळी मी शेपूट घातली. माझी नोकरी राहिली, तिची गेली.

महिन्याभरानं वळसंगला तिच्या घरी गेलो. ती ओसरीत शेंगा फोडत होती.

"राखंला का भ्याली वो ती मानसं?" तिनं विचारलं.

मी सगळं सांगितलं. पानं, डॉक्टर, बंदी, बोटी, मुडदे. ती हात थांबवून ऐकत होती.

"लई वंगाळ की," ती म्हणाली. "मंग त्यास्नी तरी काय बोल लावायचा?"

मला हायसं वाटलं. तेवढ्यात तिनं वर पाहिलं.

"पर दादा, तुमाला तर ठावं हुतं. मंग माजं एकटीचंच नाव का लिवलं?"

मला तिच्याकडं बघवेना.

"भ्यालो, मावशी."

ती शेंगांचं सूप घेऊन आत गेली. मी बराच वेळ बसून होतो, ती बाहेर आली नाही.