सोनगीरच्या काट्याची हरवलेली फाइल

धुळ्यातल्या आमच्या ऑफिसात खुर्च्या चार आणि माणूस एक. तो मी.

हायवेवर जे वजनकाटे असतात ना, त्यांना लागणारं सॉफ्टवेअर आमचं. ट्रक काट्यावर चढला की वजन स्क्रीनवर येतं आणि पावती निघते. बाकीचे एकेक करून पुण्याला गेले. शेवटी मालकही गेले. जाताना म्हणाले, "गिऱ्हाइकाला वाटलं पाहिजे ऑफिस भरलेलं आहे. तुला आवाज काढता येतात ना?"

येतात की. सावद्याच्या शाळेत मी खिडकीबाहेरून हेडमास्तरांच्या आवाजात नुसतं खाकरलो तरी आमचे सर खुर्चीतून उठून उभे राहायचे. तेच भांडवल इथे कामाला आलं. फोन वाजला की आधी बारीक आवाजात मॅडम. मॅडम 'टेक्निकल'ला जोडून देणार, त्याच्या तोंडात कायम गुटखा. त्यालाही नाही जमलं तर मोठे साहेब, पोटातून बोलणारे, सावकाश. मधे वाजणारी धून पण मीच, शिट्टीवर. चौघं मिळून दिवसभर इतकं बोलायचो, की आज मी कोणाशीच बोललो नाही हे मला खोलीवर जाऊन, स्टोव्ह पेटवल्यावर आठवायचं.

मालकांनी एक बजावून ठेवलं होतं. "सोनगीरचे आबा आपले सगळ्यात जुने. बाकीचे काटेवाले त्यांच्याकडे बघून आपल्याकडे आहेत. ते गेले तर धुळं बंद, तू तुझं बघ." आणि एका सकाळी आबांचाच फोन.

"मन्हा काटा बंद पडी गया. बठ्ठ्या गाड्या उभ्या शेतस."

मागे अडकलेल्या सगळ्या ट्रकांचे हॉर्न ऐकू येत होते. मॅडम म्हणाल्या, "एक मिनिट हं, आबा." शिट्टी वाजली. मग टेक्निकलने तोंडातला ऐवज गालात सरकवून विचारलं, "स्क्रीनवर काय लिहिलंय?"

"अमुक डीएलएल सापडत नही म्हणे. कोन शे हाऊ डीएलएल? मी हातबी लावा नही."

हात त्यांनी नव्हताच लावला. खोदून विचारल्यावर कळलं, जावई आले होते. त्यांनी त्याच कॉम्प्युटरवर लग्नाचा अल्बम बनवायचं सॉफ्टवेअर टाकलं आणि काम झाल्यावर काढून टाकलं. काढताना कॉम्प्युटरने विचारलं होतं, ही फाइल दुसरेही वापरत असतील, तरी काढू का? जावयांनी 'हो' दाबलं. जावई माणूस, नाही कशाला म्हणेल.

"अल्बम काढा त्यानी, मंग काटा का मरना?" आबा तापले. "दुपारलोंग चालू नही व्हयना ना, तर मी दुसरी कंपनीवाला बलावस."

इथे साहेब येणं भागच होतं. साहेब पोटातून म्हणाले, "आबा, आखाजीच्या सणाला तुमच्याकडे खापरावरचे मांडे होतात?"

"व्हतस ना."

"आमच्या गल्लीत मांडे भाजायचं मातीचं खापर एकाच काकूंकडे होतं. पुरण ज्याचं त्याचं, चूल ज्याची त्याची, खापर मात्र काकूंचं. सगळे तेच नेणार. काकू सुरतला गेल्या, खापर घेऊन. त्या वर्षी कोणाचं पुरण बिघडलं नव्हतं, तरी मांडे झाले कोणाचे?"

मग आबा म्हणाले, "म्हंजे जावई खापर ली गया."

एवढं नीट मला कॉलेजात कोणी सांगितलं नव्हतं. प्रत्येक प्रोग्राम सगळं स्वतः करत नाही. खिडकी उघडणं, आकडे जुळवणं, छापणं, अशी बरीच कामं डीएलएल नावाच्या सामाईक फायलींत आधीच लिहून ठेवलेली असतात आणि दहा प्रोग्राम त्याच वापरतात. त्यातली एक गेली की ज्याने काहीच केलं नाही तो पडतो.

जावई मागून ओरडत होते, नेटवर ती फाइल फुकट मिळते, टाकू का? साहेब पहिल्यांदाच सावकाश बोलायचं विसरले. "अजिबात नाही! कोणी ठेवलीय, आत काय घातलंय, काय माहीत? आणि एक टाकली की स्क्रीनवर ही बया दुसरीचं नाव सांगणार, दुसरी टाकली की तिसरीचं." मी आबांची स्क्रीन माझ्याकडे घेतली, ज्या कंपनीच्या त्या फायली तिच्याच साइटवरून अख्खा संच उतरवला आणि बसवला. कॉम्प्युटर बंद करून चालू केला. आकडा आला. आबांनी फोन न ठेवताच पहिली गाडी काट्यावर घेतली.

"भारी माणसं शेतस तुम्ही. किती जण शेतस तठे?"

"चौघं," मॅडम, टेक्निकल आणि साहेबांच्या वतीने मी म्हणालो.

आठवडाभरात आबा दारात. हातात मोठा डबा. कळण्याच्या भाकरी, वांग्याचं भरीत, ठेचा, चौघांपुरतं. मला म्हणाले, "मॅडम कोठे शेतस?"

"बँकेत गेल्यात."

"अन् साहेब?"

"केबिनमध्ये. बघतो हं." मी केबिनमध्ये शिरलो, दार लोटलं आणि पोटातून म्हणालो, "या या आबा, बसा, मी जरा मीटिंगमध्ये..."

आबांनी दार उघडलं. केबिनमध्ये टेबल, बंद पडलेला पंखा आणि मी. ते आधी इतके हसले की त्यांना ठसका लागला. मी पाणी दिलं. पाणी पिऊन त्यांनी बाहेरच्या खुर्च्यांकडे पाहिलं. एकीच्या पाठीवर मी माझा टॉवेल वाळत घातला होता.

"कव्हयपासून एकला शे तू?"

"दिवाळीपासून."

"घरना कोनी?"

"सावद्याला. केळी सोडून कोणाला येता येत नाही."

आबांनी डबा उघडला, भाकरीवर भरीत ठेवून माझ्याकडे सरकवलं. "जेवी ले." आपणही जेवले. मला वाटलं, आता उठतील आणि संपलं. उठले, हात धुतले आणि म्हणाले, "कंपनी मी बदलाव नही. पन मन्हासंगे तुन्हा आवाजमाच बोलानं. मॅडम-फिडम नको."

तेव्हापासून तसंच चालू आहे. ऑफिस वाचलं. आबांचा फोन आला की मी माझ्याच आवाजात उचलतो. पावती निघत नाही, म्हणतात. मी म्हणतो, हे दाबा. "व्हयनं," म्हणतात आणि ठेवतात. पूर्वी मॅडम, शिट्टी, टेक्निकल, साहेब असं होता होता अर्धा तास जायचा, आणि तेवढ्यात आबांच्या म्हशीपासून भाऊबंदकीपर्यंत सगळं ऐकून व्हायचं. आता दोन मिनिटांत काम होतं.

काल काटा व्यवस्थित चालू असताना मीच त्यांना फोन लावला.

"काय व्हयनं?" आबा घाबरले.

"काही नाही आबा. एक अपडेट आलंय का, बघायचं होतं."

अपडेट काही नव्हतं. आबांनी खुर्ची ओढल्याचा आवाज आला. मागे ट्रक काट्यावर चढल्याचा दणका ऐकू आला.

"बरं," ते म्हणाले, "देख मंग. मी धरेल शे फोन."