मामाचं रडणं

माझा मामा सिनेमे काढतो. शिरपूरकडच्या आमच्या भागात तसं म्हटलं की लोक आधी हसतात. सिनेमे अहिराणीत, मोबाइलवर काढलेले. गोष्ट त्याची, दिग्दर्शन त्याचं आणि मुख्य काम करणाराही तोच. पूर्वी त्याच्या सीड्या बसस्टँडवर विकल्या जायच्या, आता धुळ्यातला एक चॅनलवाला ते यूट्यूबवर टाकतो. प्रत्येक सिनेमात मामा भाकरी जाळतो, बायकोच्या लाटण्याचा मार खातो, कुठेतरी पडतो. घरात कॉलेजात जाणारा मी पहिलाच, म्हणून कॅमेरा माझ्याकडे. काम करताना मामाला स्वतःला बघता येत नाही. शॉट संपला की तो माझ्याकडे बघतो आणि मी अंगठा वर करतो.

मागच्या वर्षी मामी गेली. काही महिन्यांनी मामा म्हणाला, "भाचा, एक सिनेमा रडाना काढू."

गोष्ट साधी होती. बायको गेल्यावर नवरा पहिल्यांदा एकटा कळण्याची, म्हणजे ज्वारी-उडदाच्या पिठाची भाकरी करायला बसतो. थापताना ती तुटते. तो तुकडे जोडून पाहतो, जमत नाही, मग रडतो. हे घडलेलं होतं. मामीचं तेरावं झाल्यावर मामाने असंच केलं होतं, मी दारात उभा होतो.

शूटिंग त्याच चुलीजवळ केलं. तो रडायला लागला तेव्हा कॅमेरा बंद करावा की नाही, मला कळेना. शेवटी त्यानेच पिठाच्या हाताने डोळे पुसले आणि माझ्याकडे पाहिलं. मी अंगठा वर केला. मला सिनेमातलं फार कळत नाही, पण त्याने एवढं खरं काम आधी कधी केलं नव्हतं, असं मला अजून वाटतं. लोकांनाही ते खरं वाटावं, एवढंच त्याला हवं होतं.

दरवेळेसारखा ग्रामपंचायतीसमोर पडदा लावला. पडद्यावर मामा परातीपुढे नुसता बसला, तोच पुढची पोरं हसली. भाकरी तुटली तेव्हा सगळेच हसले. मामा रडू लागला तेव्हा मागून कुणीतरी म्हणालं, "आते लाटनं येई, दखा."

मामीबरोबर शेतात जाणारी एक अक्का नंतर डोळे पुसत मामाजवळ आली. "भाऊ, हासी हासी पोट दुखी गयं. वहिनी ऱ्हाती ते तीबी हासती."

"हां अक्का," मामा म्हणाला.

चॅनलवाल्याने रडण्याचा तेवढाच तुकडा काढला आणि हसण्याचा आवाज लावून टाकला. जळगावला होस्टेलवर माझ्या रूममधल्या मुलाने तो मला दाखवला. "बघ, तुमच्याकडचा दिसतो."

"मामा आहे माझा."

"काय सांगतो? मजा असेल रे तुमच्या घरी." तो मनापासून म्हणत होता.

मग मामाचा फोन आला. चॅनलवाल्याला दुसरा भाग हवा होता, यावेळी परातीत पडायचं.

"नको करू मामा," मी म्हटलं.

"मंग काय करू? मी रडनू तरी लोक हासनात. मनं तोंडच तसं शे."

रविवारी गेलो. तीच चूल, तीच परात. मामा पिठात तोंडावर पडला. जमलेले सगळे हसले. तो उठला, भुवयांवरचं पीठ झटकलं आणि माझ्याकडे पाहिलं. मी अंगठा वर केला. तरी तो बराच वेळ माझ्याकडेच बघत राहिला.