डावीकडे बघा, मावशी

आमच्याकडे सासू आणि जावई एका सावलीत उभे राहत नाहीत. हात मिळवणं नाही, एका बाकावर बसणं नाही, एका ताटातली मक्याची उगाली खाणं तर लांबच. वाटेत समोरासमोर आले तर एकाने मक्यात शिरायचं आणि दुसऱ्याने आभाळाकडे बघत पुढे जायचं. परगावचे लोक हसतात. हसोत बापडे. मान कसा राखायचा हे ज्याच्या त्याच्या घरी शिकवतात, आमच्या घरी ते असं शिकवतात. फक्त ही रीत घालून देणाऱ्या आमच्या आज्या-पणज्यांनी मोटारसायकल पाहिलेली नव्हती, एवढं मात्र कबूल करायला हवं.

नासांबूबाई एल्गॉन डोंगराच्या वरच्या अंगाला, नामुसासी वाडीत राहते. वय त्रेपन्न, धंदा सुइणीचा. अर्ध्या डोंगराची पोरं तिच्या हातावर जन्मली आणि त्यातली निम्मी अजून तिला बघून वाट बदलतात, कारण जन्माला घातल्यानंतर कान पिरगाळायचा हक्कही ती आपलाच समजते. नवरा जाऊन सहा वर्षं झाली. त्याच्या मागे दोन गाई, केळीची बाग आणि गोठ्यात उभी केलेली एक मोटारसायकल राहिली. गाई आणि बाग तिने सांभाळली. मोटारसायकलीवर कोंबड्या बसायच्या.

एकुलती एक मुलगी नेलिमा. तिला चार वर्षांपूर्वी खाली पुलाजवळ दिली, सिकुकू नावाच्या मुलाला. सिकुकू मोटारसायकलवरून प्रवासी वाहतो. मुलगा कष्टाळू, दारूला शिवत नाही, असं लोकांनी सांगितलं. नासांबूने लोकांच्या सांगण्यावरच विश्वास ठेवला, कारण स्वतः बघायची सोय नव्हती. लग्नात त्याची पाठ दिसली, नंतर कधी कधी लांबून हेल्मेट दिसायचं.

दोन वर्षांपूर्वी मे महिन्यात नेलिमाच्या कळा महिनाभर आधीच सुरू झाल्या. दवाखान्यातली नर्स त्या दिवशी प्रशिक्षणाला गेलेली. सिकुकू चिखलातून गाडी मारत सकाळी वर आला आणि कुंपणाबाहेर पाठ फिरवून उभा राहिला. शेजारणीला म्हणाला, "आईंना सांगा, लवकर या म्हणावं." नासांबू पिशवी घेऊन धावत बाहेर आली आणि दारातच थबकली. त्या गाडीवर बसायचं म्हणजे जावयाच्या पाठीला छाती टेकवायची आणि उतारावर त्याची कंबर धरायची. बसा म्हणायला त्याची जीभ रेटेना आणि बसते म्हणायला तिची. शेवटी ती म्हणाली, "त्यांना सांग, पुढे व्हा. मी आलेच."

अकरा किलोमीटर ती जवळजवळ पळत गेली. दारात एक गाडी, गोठ्यात दुसरी, आणि बाई पायी. दवाखान्यात पोचली तेव्हा बाळ दोन तास जगून गेलेलं होतं. तिने त्याला धुतलं, स्वतःच्या अंगावरचं लेसोचं कापड काढून त्यात गुंडाळलं आणि बापाच्या घरच्या माणसांच्या हवाली केलं. आपण वेळेवर आलो असतो तर ते वाचलं असतं की नाही, हे तिला आजही सांगता येत नाही. नेलिमाने आईला त्याबद्दल एक शब्द विचारला नाही. पोरीने शिव्या दिल्या असत्या तर परवडलं असतं, असं नासांबूला दोन वर्षं वाटत राहिलं.

यंदा नेलिमाला पुन्हा दिवस गेले. चौथा महिना लागल्यावर नासांबूने तिला विचारलं, "तुझ्या नवऱ्याला विचार, गोठ्यातली गाडी चालू होईल का."

"कुणासाठी?"

"माझ्यासाठी. हसायचं असेल तर आत्ताच हसून घे."

नेलिमा हसली नाही. दुसऱ्या रविवारी सिकुकूने कोंबड्या हाकलून गाडी खाली नेली आणि आठवड्याने ती धडधडत परत आणली.

शिकवणार तोच, दुसरं कोण होतं? शाळेच्या मैदानाच्या कडेला केळी आहेत. सिकुकू त्या केळीच्या आड उभा राहायचा, नासांबू मैदानात गाडीवर, आणि मधोमध पोट सांभाळत नेलिमा.

"आईंना सांग, क्लच एकदम सोडायचा नाही."

"आई, क्लच..."

"ऐकलं."

"तू ऐकायचं नसतं. मी सांगितल्यावर ऐकायचं."

मग गाडी चार हात जाऊन आचके देत बंद पडायची. केळीतून आवाज यायचा, "आईंना विचार, ब्रेक दाबला की साप चिरडला?"

"आई, ते म्हणतात, ब्रेक जरा हलक्या पायाने."

"एवढंच म्हणाले?"

"एवढंच."

"त्यांना सांग, साप असता तर मी गाडी टाकून पळाले असते."

केळीत कोणीतरी हसलं आणि हसू लपवायला बराच वेळ खोकलं.

एकदा ती वळणावर घसरून शेजाऱ्याच्या घेवड्यात पडली. सिकुकू केळीतून चार पावलं धावत बाहेर आला, आणि तिथेच तोंड फिरवून उभा राहिला. "नेलिमा, उचल त्यांना. लवकर उचल, कुठे लागलंय बघ." त्याचा आवाज कापत होता. गुडघा फुटलेल्या नासांबूच्या ते लक्षात आलं, पण तिने ते मनातच ठेवलं.

तीन महिन्यांत ती डोंगर उतरून परत चढायला शिकली. पण पुलावर पोलिसांची चौकी आहे. गेल्या साली शाळेच्या मास्तरांची गाडी त्यांनी दिवसभर अडकवून ठेवली होती, लायसन नाही म्हणून. सिकुकूने बजावून सांगितलं होतं, "आईंना सांग, लायसनशिवाय ऐन वेळेला गाडीचा उपयोग नाही. पुलावर अर्धा दिवस जाईल." अर्धा दिवस म्हणजे काय ते तिघांनाही माहीत होतं. नासांबूने शिकाऊ लायसन काढलं आणि पक्क्याची तारीख घेतली. तारीख आली तेव्हा नेलिमाला आठवा सरत आला होता.

परीक्षा किमिलिली गावात. नासांबू माटाटूच्या गाडीत इतर प्रवाशांबरोबर बसून गेली आणि सिकुकूने तिची गाडी चालवत आणली. बाकी उमेदवार अकरा, सगळी मिसरूड फुटलेली पोरं. परीक्षक मुसेंबी साहेब, मचाकोसकडचे, बदलून येऊन तीन महिने झालेले. गोल पोट, पांढरा शर्ट, आणि जेवायच्या वेळेकडे सारखं लक्ष.

आधी टेबलावरच्या लाकडी गावात खेळण्यातली गाडी फिरवून दाखवायची असते. रस्ते, चौक, रेल्वेचं फाटक, सगळं रंगवलेलं. नासांबूने गाडी बरोबर चौकाला वळसा घालून इस्पितळापाशी नेली आणि विचारलं, "साहेब, या गावात माणसं नाहीत का? शेळीसुद्धा नाही?"

"माणसं बाहेर आहेत, मावशी. पुढे चला."

बाहेर मैदानात पिंपांमधून आठाचा आकडा काढायचा होता. काढला. चढावर थांबून पुन्हा निघायचं होतं. ते तर तिच्या घरासमोरच रोज व्हायचं. शेवटी चुन्याने आखलेला चौक होता. थांबा म्हणून पाटी, तिथे थांबायचं, उजवीकडे बघायचं, डावीकडे बघायचं, पुन्हा उजवीकडे, आणि मग निघायचं. मैदानात झाड एकच होतं, निलगिरीचं, आणि ते चौकाच्या डाव्या हाताला. ऊन मी म्हणत होतं. सिकुकू त्या झाडाखाली उभा होता.

नासांबू पाटीपाशी थांबली. उजवीकडे बघितलं, समोर बघितलं, पुन्हा उजवीकडे बघितलं आणि निघाली.

"डावीकडे बघा, मावशी," साहेब म्हणाले. "परत या."

ती परत आली. थांबली. उजवीकडे, समोर, उजवीकडे.

"डावीकडे कोण बघणार? तिकडून काय देव येणार आहेत?"

तिसऱ्या वेळी तिने मनाला बजावलं होतं. पण मन ऐकेल, मान कशी ऐकणार? मान समोरपर्यंत वळली आणि तिथेच अडली. साहेबांनी कागदावर रेघ मारली. "नापास. पुढची तारीख सहा आठवड्यांनी."

नेलिमाला चारच आठवडे राहिले होते. नासांबू गाडीवरून उतरली, हेल्मेट काढलं आणि तसंच हातात धरून उभी राहिली. कारण सांगता आलं असतं. पण जावयाची गोष्ट परक्या पुरुषापुढे कशी काढायची, ही पुन्हा तीच अडचण.

सिकुकूच्या डोक्यात प्रकाश पडला तेव्हा तो धावत आला आणि सासूकडे पाठ करून साहेबांपुढे उभा राहिला.

"साहेब, चूक माझी आहे. मी तिथे उभा होतो."

"उभं राहणं कधीपासून चूक झाली?"

"त्या माझ्या सासूबाई आहेत."

इतका वेळ खिदळणाऱ्या पोरांतला एकजण हळूच म्हणाला, "मग त्या कशा बघतील, साहेब?"

साहेबांनी पेनाला टोपण लावलं. "असं होय. जा मग, त्या चहाच्या टपरीमागे जाऊन बस. परत घेतो त्यांची."

नासांबूचा जीव भांड्यात पडला. सिकुकू निघालासुद्धा. तेवढ्यात साहेब म्हणाले, "थांब. तू गाडी चालवतोस का?"

"हो. पुलापासून वर नामुसासीपर्यंत."

"आणि या कुठे चालवणार?"

सिकुकू जमिनीकडे बघत म्हणाला, "त्याच रस्त्याला."

"मग उद्या तूच डावीकडून आलास तर?"

साहेब नासांबूकडे वळले. आवाज खाली आणून म्हणाले, "मावशी, मलाही सासू आहे. लग्नाला नऊ वर्षं झाली, अजून माझ्यापुढे येत नाही, आणि मला त्याचं काही वाटत नाही. तुमच्या घरच्या रीतीत मी पडत नाही. पण न बघता चौकात शिरणाऱ्या माणसाला सही देऊन मला जेवण जायचं नाही. हा डावीकडून येईल. तुम्ही थांबा, बघा, त्याला जाऊ द्या. एकदाच. नाही जमलं तर सहा आठवड्यांनी या."

"साहेब, दुसरा कुणी येऊ दे," सिकुकू अजिजीने म्हणाला.

"दुसऱ्यांकडे त्या बघतातच की."

नासांबूला तिची आई आठवली. जावई अंगणात आला की ती कणगीमागे लपायची, एकदा तर दोन तास उभी होती. त्या आईला आज काय वाटेल, असं तिच्या मनात आलं. मग नेलिमा आठवली, दवाखान्याच्या खाटेवर भिंतीकडे तोंड करून पडलेली, काही न विचारणारी. नासांबूने हेल्मेट घातलं.

सिकुकूने एका पोराची गाडी मागून घेतली आणि तो डाव्या बाजूला लांब जाऊन उभा राहिला. साहेबांनी हात खाली केला. दोन्ही गाड्या निघाल्या. नासांबू पाटीपाशी थांबली, उजवीकडे बघितलं. मग तिने डावीकडे बघितलं.

तोही बघत होता. बघणं भागच होतं, ती थांबते की नाही हे त्याला कळायला हवं होतं. हेल्मेटची काच वर केलेली, चेहरा घामाने निथळलेला, घाबरलेला. अठ्ठावीस वर्षांचं पोर. दाट भुवया मध्ये जुळलेल्या आणि हनुवटीला खोल खळी.

ती खळी तिच्या ओळखीची होती. दोन वर्षांपूर्वी ओल्या फडक्याने त्या बाळाचं तोंड पुसताना तिचं बोट अशाच खळीत थांबलं होतं. भुवयाही तशाच, नुसत्या लव फुटलेल्या, पण जुळलेल्या. कुणावर गेलं हे पोर, असं तिला तेव्हा वाटलं होतं. आपल्याकडे कुणाला अशी खळी नाही, नेलिमाला नाही, तिच्या बापाला नव्हती. मग तिने लेसो ओढून घेतला होता. ते बाळ ज्याच्यावर गेलं होतं तो तिच्यापासून दहा हातांवर उभा होता, आणि त्याचंही मूल गेलं होतं. दोन वर्षांत तिने एकदाही त्याचं सांत्वन केलं नव्हतं. रीतच तशी होती, पण आता तिला स्वतःची लाज वाटली.

सिकुकूही थांबला होता. सासूच्या पुढून गाडी कशी काढायची? दोघं चौकाच्या दोन बाजूंना इंजिनं चालू ठेवून उभे. साहेब ओरडले, "अरे जा की. वाट तुझी आहे."

त्याने मान खाली घातली.

"जा, बाळा," नासांबू म्हणाली. "मी थांबलेय."

चार वर्षांतलं तिचं त्याच्याशी हे पहिलं बोलणं. तो निघाला आणि रोज त्या डोंगरावरून माणसं वाहणाऱ्या त्या गड्याची गाडी भर चौकात बंद पडली. पोरं हसली, साहेबही हसले. त्याने तीनदा किक मारली. ती पाय टेकून थांबून राहिली. तो पार पलीकडे गेल्यावर तिने उजवीकडे बघितलं, डावीकडे बघितलं, पुन्हा उजवीकडे बघितलं आणि चौक ओलांडला.

साहेबांनी सही केली आणि जेवायला गेले. पक्कं लायसन नंतर येणार होतं, पण शिक्क्याचा कागद पुलावर चालतो. पोलिसाने तो उलटासुलटा करून बघितला, बाईला वरपासून खालपर्यंत बघितलं आणि कागद परत दिला.

दुपार कलताना तिने गाडी नेलिमाच्या कुंपणापाशी लावली. जावयाच्या घरात जायची रीत नाही. नेलिमा चहा घेऊन बाहेर आली.

"मिळालं?"

"मिळालं."

चहा तसाच हातात धरून नासांबू म्हणाली, "त्याला बापाची हनुवटी होती गं."

कोणाला, हे नेलिमाने विचारलं नाही. "हो," ती म्हणाली. "भुवयाही."

"बोलली नाहीस कधी."

"तुला काय सांगणार, आई? तू त्यांना बघितलंच नव्हतंस."

नासांबूने कप कुंपणाच्या खांबावर ठेवला आणि काट्यांवरून हात घालून पोरीला जवळ ओढलं. दोन वर्षं राहून गेलेलं रडणं त्या दोघी तिथेच उभ्या उभ्या रडल्या.