मी न विचारलेला प्रश्न

इथले भुताखेतांचे अनुभव मी आजवर चहाबरोबर वाचून हसायचे, हे आधीच सांगते. माहितीपट करणारी बाई मी, लोकांच्या खऱ्या गोष्टी सांगून पोट भरते. ‘पुरावा दाखवा, मग बोला’ हा माझा खाक्या. आता पुरावा माझ्याच हार्ड डिस्कवर आहे आणि ती लावायची माझी हिंमत होत नाही...

वाघोलीत जमिनी विकून इमारतीत राहायला गेलेल्या घरांवर फिल्म करत होते. हौसाबाई सत्तरीच्या पुढच्या. त्यांच्याच शेतावर उभ्या राहिलेल्या इमारतीत मुला-सुनेबरोबर राहायच्या. भर दुपार, आवाज नको म्हणून पंखा बंद, घामाच्या धारा. कॅमेरा आणि साउंड दोन्ही समीरकडे. आमच्यात एक पद्धत असते — माझा आवाज नंतर कापायचा असतो, म्हणून समोरच्याने उत्तरातच प्रश्न घ्यायचा. हौसाबाईंना ते झटकन जमलं.

“शेतात काय पिकायचं म्हनाल, तर बाजरी अन् हरभरा.”

मी पाण्याचा ग्लास तोंडाला लावला. तेवढ्यात त्यांचा चेहरा पांढराफटक पडला.

“जाऊबाईला हिरीत कुणी ढकललं म्हनाल, तर... कुणी न्हाई ढकललं. तिनं हात वर केला हुता. म्या दिला न्हाई.”

आणि त्या ओक्साबोक्शी रडायला लागल्या.

समीरने चिडून हेडफोन काढला. “ताई, काय हे? म्हाताऱ्या माणसाला असं थेट विचारतात?”

“मी कुठे काय विचारलं? त्यांना जाऊ होती हेच मला माहीत नव्हतं!”

“हो का? मग ऐक.”

ऐकलं. आधी माझा पाणी पिण्याचा आवाज. आणि त्याच घोटावर, अगदी शांतपणे — “जाऊबाईंना विहिरीत कोणी ढकललं?” आवाज माझाच होता.

फिल्म तिथेच थांबवली. त्यानंतर वाघोलीकडे फिरकलेसुद्धा नाही. महिन्याभराने त्यांच्या सुनेचा फोन आला.

“मॅडम, राग मानू नका, पण तुम्ही रोज कशाला येता हो? आम्ही कामावर गेलो की येता म्हणे. आई जेवत नाहीत. काल खाली पार्किंगमध्ये जाऊन बसल्या होत्या, जुन्या विहिरीच्या जागेवर!”

“अहो, मी आलेच नाही! शप्पथ! आईंना आत्ताच्या आत्ता त्या इमारतीतून हलवा.”

फोनवर मागून हौसाबाईंचं रडणं ऐकू आलं... “हात का न्हाई दिला म्हनाल, तर...”

“मॅडम,” सून कुजबुजली, “आतल्या खोलीतून तुमचा आवाज येतोय. मग फोनवर कोण आहे?”



हौसाबाई आता लेकीकडे वारज्याला असतात. दोन घास खातात म्हणे. समीर म्हणतो, माइकमध्ये काहीतरी घोळ झाला असेल. असेल बाबा! पण फोनवर जे ऐकलं त्याचं काय? मला आजही काही सांगता येत नाही. मी मुलाखती घेणं सोडलंय. घरात एकटी असले की तोंडातून अवाक्षर काढत नाही — माझा आवाज ऐकू आलाच, तर तो मी नव्हे, एवढं तरी मला कळायला हवं.