हौसाआत्याचं घर आणि जर्मन साहेब

अन्याय झाला तो माझ्या हौसाआत्यावर. मी सातवीत होते त्या वर्षी, मे महिन्यातल्या एका दुपारी.

धरणाचं पाणी ओसरलं की वेल्ह्याकडचं आमचं बुडालेलं गाव उघडं पडतं. यंदा सुकत्या गाळाचा तो कुबट वास नाकात शिरला आणि ती दुपार आठवली. आत्या दर उन्हाळ्यात तिथं जाऊन आपल्या घराचं जोतं झाडायची. त्या दिवशी एक जर्मन आला. टीव्हीवरच्या माहितीपटांत देशोदेशीची संस्कृती समजावून सांगणं हा त्याचा धंदा. तो थेट जोत्यावर चढला.

"बूट काढा की साहेब! सैपाकघरात उभं हाय तुमी," आत्या म्हणाली.

दुभाष्याने सांगताच त्याने बूट काढले, वर हातही जोडले. आम्ही पोरी लई हसलो. मग आत्या कॅमेऱ्याकडे वळली. "घर बुडालं, पर बदल्यात जमीन न्हाई मिळाली. तेवढं दाखवा."

परवा त्याच्या कारकिर्दीचा गौरव करणारी फिल्म मोबाईलवर पाहिली. त्यात आत्याचे ओठ हलतात आणि आवाज त्याचा येतो. जर्मन शिकवणाऱ्या मैत्रिणीने अर्थ सांगितला: 'या पवित्र जागी अनवाणीच यावं लागतं. ही स्त्री जलदेवतेचे आभार मानते आहे.' याच दृश्याने तो नावारूपाला आला म्हणे. आत्या गेली. जमीन आजही नाही. आम्ही हसत होतो तेव्हा तिच्या घराचं देऊळ होत होतं, हे आता कळून काय उपयोग?

तुम्हाला जर्मन येतं? मग पत्ता माझ्याकडून घ्या आणि आजच त्याला लिहा: ती बाई आभार मानत नव्हती, जमीन मागत होती.