शुक्रवारची तपासणी

भिवंडीतल्या एका लूम कारखान्याचे कॉम्प्युटर बघायला मी पडघ्याहून बसने जायचे. तिथला सर्व्हर इतका जुना, की त्याच्या ऑपरेटिंग सिस्टिमला बनवणाऱ्यांनी केव्हाच वाऱ्यावर सोडलं होतं. ती बदलताही येईना. साडीच्या काठांची डिझाइनं उघडणारा प्रोग्रॅम फक्त तिच्यावरच चालायचा आणि तो लिहिणारा माणूस परदेशात निघून गेला होता. डिझाइनं काढणारे मास्टरजी मात्र तिथेच होते. त्यांची अख्खी हयात त्या डब्यात होती.

म्हणून आम्ही अँटीव्हायरस घातला. बसवणारा बाहेरगावचा. त्याने पूर्ण तपासणीला रविवार लावून दिला, कारण जगाला रविवारी सुट्टी. अहो, पण भिवंडीचे लूम बंद असतात शुक्रवारी! रविवारी ऐन कामात सर्व्हरने मान टाकली आणि शेठ माझ्यावरच उखडले, "मॅडम, काढून टाका ते. काम रुकता है."

मीही भडकले. "काढलं तर एक दिवस सगळंच जाईल. मला एक शुक्रवार द्या."

शुक्रवारी गल्लीत खडखड नव्हती. स्वतःच्या चपलांचा आवाज ऐकू येत होता. मास्टरजी नमाजनंतर माझ्या शेजारी येऊन बसले. तपासणी सुरू झाली, पडद्यावरून एकेका फाइलचं नाव सरकू लागलं आणि ते पुटपुटू लागले, "ये लडकी की शादी के साल की किनार... ये अम्मी गुजरी तब की."

एवढ्या म्हाताऱ्या यंत्रात एकही फाइल न सोडता अँटीव्हायरस पहारेकऱ्यासारखा चालला होता. मी थक्क होऊन बघत राहिले.

मग तो थांबला. व्हायरस सापडला होता, तोही नेमका डिझाइनं उघडणाऱ्या प्रोग्रॅममध्ये. साफ करू की पुसून टाकू, एवढंच विचारत होता. साफ करताना प्रोग्रॅम बिघडला, तर सगळे काठ कायमचे बंद. मास्टरजींकडे न बघता मी 'साफ करा' दाबलं आणि प्रोग्रॅम सुरू केला.

एक पोपटी काठ ठिपक्याठिपक्याने पडद्यावर उतरला. मास्टरजी बराच वेळ चष्मा पुसत राहिले.

शेठनी अँटीव्हायरस काढायचा विषय पुन्हा काढला नाही. पुढच्या शुक्रवारी तपासणी सुरू केली, तर सुट्टी असूनही मास्टरजी हजर.

"कुछ काम था?" मी विचारलं.

"काम नहीं, मॅडम," खुर्ची पडद्याजवळ ओढत ते म्हणाले, "बस, सबको एक बार देख लूं."