पेंगुळे

उशीत भरायला पुतण्यानं गुडीहत्नूरहून शेतातला कापूस पाठवला. पिशवी सोडली तसा त्याचा कोरडा, जरासा उग्र वास शहरालगतच्या मावल्यातल्या या फ्लॅटभर पसरला आणि मी पुन्हा सात वर्षांची झाले.

आमचं घर दोन खोल्यांचं. वेचणी झाली की एक खोली आढ्यापर्यंत कापसानं भरायची आणि तो विकेपर्यंत मी त्याच ढिगावर झोपायची. दुपारी डोळा लागता लागता हातापायांवर काहीतरी बारीक चालायचं. बाबा म्हणायचे, "पेंगुळे हायेत ते. अर्ध्या झोपेतच येतात. डोये उघडू नको, पयून जातीन."

मग एक दिवस बैलबंडी दाराशी लागली, खोली रिकामी होऊ लागली आणि मी भोकाड पसरलं.

"काऊन रडून राह्यली?"

"पेंगुळे बाजारात चालले."

खाली सांडलेला कापूसही वेचून घेणाऱ्या बाबांनी बंडीतून ओंजळभर काढला आणि कोनाड्यात ठेवला. "घे. राहू दे त्यायचं घर."

ते कापसातले किडे होते, हे फार उशिरा कळलं. मला निजवायला दुसरी जागाच नव्हती, म्हणून बाबांनी त्या खाजेला नाव दिलं होतं.

आज बाबा खुर्चीत पेंगत होते. पिशवीतून उडालेली रुई त्यांच्या हातावर बसली.

"कोन हाये?" ते पुटपुटले.

"पेंगुळे हायेत, बाबा. डोये उघडू नका."

त्यांनी उघडले नाहीत. हातही हलवला नाही.